हलकीं गाणीं आणि डेनिस पॉटर



मधल्या सुटींत तुमच्यापैकीं कोणी चित्रपटांतील एखादें गाणें गुणगुणत असतो, आणि शिक्षक दिसतांच तें ओठांवरच विरून जातें. असलीं गाणीं म्हणजे काळाचा अपव्यय, असें आम्हां वडील मंडळींचें मत बहुधा ठरून गेलेलें असतें. डेनिस पॉटर ह्या इंग्रज लेखकाला मात्र हा प्रश्न एवढ्यावर मिटवितां आला नाहीं. ज्या गाण्यांत फारसें काव्य नाहीं कीं विचार नाहीं, तीं माणसाच्या अंतःकरणाला इतकीं कां भिडतात, ह्याचा शोध त्यानें टेलिव्हिजनच्या नाटकांतून पंचवीस वर्षें घेतला.

पॉटरचा जन्म १७ मे १९३५ रोजीं ग्लॉस्टरशायर परगण्यांतील फॉरेस्ट ऑफ डीन ह्या वनप्रदेशांत, बेरी हिल नांवाच्या खेड्यांत झाला. वडील कोळशाच्या खाणींत मजूर होते. रविवारीं सेलम चॅपलमध्यें भजन व शास्त्रवाचन, आणि इतर दिवशीं लोकांच्या तोंडीं असलेलीं नाचाचीं व प्रेमाचीं गाणीं, असे दोन सूर बालपणींच त्याच्या कानांत भरले. बुद्धीच्या जोरावर तो ऑक्सफर्डच्या न्यू कॉलेजांत पोंचला व १९५९ सालीं पदवीधर झाला. पुढें बी. बी. सी. मध्यें व नंतर एका दैनिकांत तो काम करूं लागला. परंतु तिशी गांठण्यापूर्वींच एका दुर्धर रोगानें त्याला घेरलें. सोरायसिसमुळें अंगाची कातडी सोलून निघे व सांधे आखडून जात. १९६४ च्या सार्वत्रिक निवडणुकींत तो मजूर पक्षातर्फें उभा राहिला व पराभूत झाला. तेव्हां राजकारण सोडून तो नाटकें लिहूं लागला. आखडलेल्या मुठींत लेखणी धरणें हेंहि त्याला दुःसह होई.

१९६९ सालच्या 'मूनलाइट ऑन द हायवे' ह्या नाटकाचा नायक अल बॉली ह्या गायकाचा निःसीम भक्त आहे. हा बॉली १९४१ सालीं लंडनवरील बॉम्बहल्ल्यांत मरण पावला होता. आपल्या मनांतील जखमेपासून लपण्यासाठीं नायक त्याच्या ध्वनिमुद्रिकांचा आश्रय घेतो. पुढें १९७८ सालीं 'पेनीज फ्रॉम हेवन' ही सहा भागांची मालिका आली, आणि पॉटरला हवी होती ती रीति तींत पूर्णपणें साधली. तिचा नायक आर्थर पार्कर हा १९३० नंतरच्या मंदीच्या दिवसांत गाण्यांचे छापील कागद विकीत गांवोगांव फिरतो. घरीं प्रेम नाहीं, पदरीं पैसा नाहीं, आणि मनांतलें बोलावयास शब्द नाहींत. अशा वेळीं तो एकाएकीं जुन्या ध्वनिमुद्रिकेबरोबर ओठ हलवूं लागतो.

आपल्या चित्रपटांतहि नट दुसऱ्याच्या आवाजावर ओठ हलवितो. परंतु तो आवाज नटाचाच भासावा अशी तेथें खटपट असते. पॉटरनें नेमकें उलट केलें. आर्थरच्या मुखांतून स्त्रीचासुद्धां आवाज निघतो! प्रेक्षकाला तत्काळ कळतें कीं आवाज परका आहे. आर्थरची स्वतःची आहे ती केवळ तळमळ. गाण्यांतील सुखाचें वचन तो अक्षरशः खरें मानून चालतो. पत्नीशीं खोटें बोलतो, एका शिक्षिकेच्या आयुष्याची धूळधाण करतो, आणि शेवटीं न केलेल्या खुनासाठीं फांसावर जातो.

१९८६ सालची 'द सिंगिंग डिटेक्टिव्ह' ही मालिका तर रुग्णालयांतच घडते. फिलिप मार्लो हा गुप्तहेरकथा लिहिणारा लेखक पॉटरच्याच रोगानें खाटेला खिळला आहे. त्याच्या भ्रमांत डॉक्टर व परिचारिका एकदम 'ड्राय बोन्स' हें गाणें म्हणत नाचूं लागतात. प्रसंग हास्यास्पद खरा. परंतु त्या गाण्याचें मूळ यहेज्केल संदेष्ट्याच्या ३७ व्या अध्यायांत, शुष्क अस्थींच्या खोऱ्याच्या दर्शनांत आहे. शाळेंत असतांना मार्लोनें आपल्या दुष्कृत्याचा आळ एका निरपराध सोबत्यावर येऊं दिला होता. अनेक वर्षें दडवून ठेवलेलें तें पाप तो डॉक्टरपुढें रडून उघड करतो, आणि त्यानंतरच तो पुन्हां पायांवर उभा राहूं शकतो.

असल्या गाण्यांत दाविदाच्या स्तोत्रांचा कांहीं अंश आहे, असें पॉटरचें म्हणणें होतें. जग आहे ह्याहून निराळें असूं शकतें, हें तीं आपल्या ओबडधोबड रीतीनें सांगतात. हें ऐकून आपण प्रथम दचकतों. परंतु विचारांतीं वाटतें कीं त्यानें दोन्ही बाजू दाखविल्या आहेत. गाण्यांतील आशा खोटी नव्हे. तीच आशेची पूर्तता आहे असें मानणें खोटें. स्तोत्रकर्त्याला आपण कोणाला हांक मारीत आहों हें ठाऊक असतें. आर्थरला तें ठाऊक नव्हतें.

१९९३ सालीं 'लिपस्टिक ऑन युअर कॉलर' ह्या मालिकेंत पॉटरनें १९५६ च्या सुमाराचीं गाणीं घेतलीं. पुढच्याच वर्षीं फेब्रुवारींत आपल्याला असाध्य कर्करोग झाल्याचें त्याला समजलें. ५ एप्रिल १९९४ रोजीं प्रक्षेपित झालेल्या मुलाखतींत तो वेदनाशामक मॉर्फिनचे घोट घेत, खिडकीबाहेरच्या झाडावरील फुलोऱ्याविषयीं मोठ्या आनंदानें बोलला. उरलेल्या दिवसांत त्यानें दोन मालिका लिहून पुऱ्या केल्या. त्यांतील एकीचें नांव 'कॅराओके', म्हणजे दुसऱ्याच्या तयार सुरावर आपण गाणें. ७ जून १९९४ रोजीं तो निवर्तला. त्याची पत्नी त्याच्या आधीं नऊच दिवस वारली होती. दोन्ही मालिका १९९६ सालीं प्रक्षेपित झाल्या.

पालकांस एवढीच विनंति कीं, मूल गुणगुणत असतां त्याला गप्प बसविण्यापूर्वीं, त्या गाण्यांत तुला काय आवडतें, असें एकदां विचारून पाहावें. आणि मुलांनो, तुम्हीहि उत्तर देतांना उसन्या आवाजावर विसंबूं नका. स्वतःच्या शब्दांनीं सांगा.