कुंपण सरकलं, तर दाद कुठे मागायची?

आमच्या पापडीत एखाद्या वाडीचं कुंपण रातोरात हातभर सरकलं, तर सकाळी ती बातमी तलावापासून बाजारापर्यंत पोचते. एक म्हणतो, माड माझ्या आजोबांनी लावला. दुसरा खरेदीखत दाखवतो. आवाज चढतात, कोयते निघतात. मग कुणीतरी दोघांच्या जातीधर्माचं नाव घेतं आणि दोन शेजाऱ्यांचा तंटा दोन आळ्यांचा होतो.

ही वेळ येऊ नये म्हणून कायद्यात एक तरतूद आहे. फौजदारी प्रक्रिया संहितेचं ते कलम 145. ती संहिता जाऊन 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिथे हेच कलम 164 झालं. जमीन, पाणी, घर, पीक, मासेमारीची जागा, यांवरून शांतताभंग होण्याचा संभव असल्याचं पोलिसांच्या अहवालावरून किंवा अन्य माहितीवरून कार्यकारी दंडाधिकाऱ्यांना पटलं, की ते कारणांसह लेखी आदेश काढून दोन्ही पक्षांना बोलावतात. तालुक्यात हे अधिकार तहसीलदारांकडे असतात.

तिथे जाणारा माणूस एका गोष्टीने गोंधळतो. जमीन कुणाची, हे तिथे विचारतच नाहीत! आदेशाच्या दिवशी प्रत्यक्ष ताबा कुणाचा होता, एवढंच पाहतात. ज्याचा ताबा सिद्ध होईल, त्याला कायदेशीर मार्गाने बाहेर काढलं जाईपर्यंत कुणी हात लावायचा नाही. 1968 साली मुंबईतल्या एका केबिनच्या ताब्याच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने हेच स्पष्ट केलं, की या कलमाचा हेतू शांतता राखण्याचा आहे.

मग दांडगाईने घुसणाऱ्याचंच फावेल, असं वाटेल. त्यावरही उपाय आहे. अहवाल किंवा माहिती दंडाधिकाऱ्यांकडे पोचण्याआधीच्या दोन महिन्यांत कुणाला जबरदस्तीने, बेकायदा हुसकावलं असेल, तर ताबा त्याचाच होता असं धरता येतं. गरीब माणूस नेमका इथेच चुकतो. आज समजूत पटेल, उद्या पंच बसतील, म्हणत तो थांबतो आणि दोन महिने निघून जातात.

ताबा कुणाचा हे ठरेना किंवा परिस्थिती हातघाईची असेल, तर कलम 165 खाली मालमत्ता जप्त होऊ शकते. मालकीचा निवाडा मात्र दिवाणी न्यायालयाचा. तिथे दावा आधीच चालू असेल, तर ही समांतर कारवाई सहसा चालवू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 1985 साली सांगितलं आहे.

दोन महिने हुकले तरी सगळं संपत नाही. शेतजमीन असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906 आहे; इतर जागांसाठीही 1963 च्या विशिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम 6 आहे. दोन्हींची मुदत सहा महिने.

तेव्हा सातबारा कपाटात असू द्या. पण पीकपाहणीची नोंद, वीजबिल, घरपट्टीची पावती, तारखेसह फोटो हेही जपा. कुंपण सरकलेलं दिसलं, त्याच दिवशी पोलिसांत लेखी अर्ज द्या, त्याची पोच घ्या. शेजाऱ्याशी उद्या पुन्हा बोलायचं असतं. कोयता उगारला, की ती वाट बंद होते. कोयता नारळ सोलायलाच राहू द्या.