क्लीव्ह (इंग्रजी क्रियापद)

'क्लीव्ह' हे आधुनिक इंग्रजीत क्वचितच वापरले जाणारे क्रियापद आहे. त्याचे दोन अर्थ परस्परांच्या अगदी उलट आहेत. पहिला अर्थ एखादी वस्तू तिच्या अंगच्या रेषेने फोडणे, दुभंगणे असा, तर दुसरा अर्थ एखाद्याला घट्ट चिकटून अथवा निष्ठेने धरून राहणे असा आहे. लेखन आणि उच्चार एकच असले तरी व्युत्पत्तीच्या दृष्टीने ही दोन स्वतंत्र क्रियापदे आहेत आणि इंग्रजी कोशांत त्यांच्या नोंदीही वेगवेगळ्या असतात. मराठीत हे दोन्ही अर्थ वाहणारे एकच क्रियापद नाही. त्यामुळे भाषांतरकाराला प्रत्येक वेळी निवड करावी लागते, आणि ती चुकल्यास वाक्याचा अर्थ केवळ बिघडत नाही, तर उलटतो.

व्युत्पत्ती

फोडण्याच्या अर्थाचे क्रियापद प्राचीन इंग्रजीतील 'क्लेओफान' या रूपापासून आले आहे, तर चिकटण्याच्या अर्थाचे 'क्लिफियन' या रूपापासून. प्राचीन इंग्रजीत या दोहोंत गल्लत होण्याचे कारण नव्हते. मध्य इंग्रजीच्या काळात स्वरांमध्ये जे बदल घडले, त्यांमुळे दोन्ही रूपे एकमेकांजवळ सरकत गेली आणि अखेर एकरूप झाली. जर्मन भाषेत मात्र हा भेद टिकून आहे. तेथे फोडण्यासाठी 'क्लीबेन' हे आज जुने व प्रादेशिक मानले जाणारे क्रियापद, आणि चिकटण्यासाठी 'क्लेबेन' हे रोजच्या वापरातील क्रियापद आहे.

दोन्ही क्रियापदांची भावकी निराळी आहे. फोडण्याच्या धातूशी ग्रीक भाषेतील 'कोरणे' या अर्थाच्या क्रियापदाचे नाते असून 'हायरोग्लिफ' या शब्दाचा उत्तरार्ध त्यातूनच आला आहे. साल सोलणे या अर्थाचे एक लॅटिन क्रियापदही याच कुळातले. चिकटण्याच्या धातूच्या कुळात इंग्रजीतील 'ग्लू' म्हणजे गोंद अथवा सरस, आणि 'क्ले' म्हणजे चिकणमाती हे शब्द येतात. मराठीनेही या मातीला नाव देताना तिचा चिकटपणाच पाहिला, हे येथे नोंदवण्यासारखे आहे.

रूपे

फोडण्याच्या अर्थाच्या क्रियापदाची भूतकाळी रूपे 'क्लोव्ह', 'क्लेफ्ट' आणि 'क्लीव्ह्ड' अशी तीन आहेत. त्याची कर्मणी धातुसाधिते 'क्लोव्हन', 'क्लेफ्ट' आणि 'क्लीव्ह्ड' अशी होतात. यांपैकी 'क्लोव्हन' हे रूप आज मुख्यतः गायीम्हशींच्या दुभंगलेल्या खुराच्या वर्णनात, तर 'क्लेफ्ट' हे दुभंगलेला ओठ व दुभंगलेला टाळू या वैद्यकीय संज्ञांत उरले आहे. चिकटण्याच्या अर्थाचे क्रियापद बहुधा नियमित चालते आणि त्याचे भूतकाळी रूप 'क्लीव्ह्ड' असे होते.

रूपांवरून अर्थ ओळखता येईल अशी आशा यावरून वाटते, पण ती फार काळ टिकत नाही. 1611 साली प्रसिद्ध झालेल्या किंग जेम्स बायबलमध्ये 'क्लेव्ह' असे आणखी एक जुने भूतकाळी रूप आढळते आणि ते दोन्ही अर्थांनी येते. उत्पत्तीच्या पुस्तकात अब्राहाम होमासाठी लाकडे फोडतो तेथे हेच रूप आहे, आणि रूथच्या पुस्तकात रूथ आपल्या सासूला सोडून जाण्यास नकार देऊन तिला धरून राहते तेथेही हेच. पुरुष आईवडिलांना सोडून पत्नीशी एकरूप होतो या उत्पत्तीतील प्रसिद्ध विधानात मूळ क्रियापद 'क्लीव्ह' हेच आहे. इंग्रजीभाषकांच्या कानी चिकटण्याचा अर्थ आजवर जिवंत राहिला, तो मुख्यतः विवाहप्रसंगी वाचल्या जाणाऱ्या या विधानामुळे.

वाक्यातील ओळख

अर्थ ओळखण्याची खात्रीची खूण रूपात नसून वाक्यरचनेत आहे. चिकटण्याच्या अर्थाचे क्रियापद अकर्मक असते आणि त्याच्यामागे 'टू' किंवा जुन्या भाषेत 'अन्टू' हे शब्दयोगी अव्यय येते. माणूस मताला, परंपरेला, जोडीदाराला किंवा ओली माती बुटाला 'क्लीव्ह' करते, तेव्हा हे अव्यय हटकून सापडते. फोडण्याचे क्रियापद बहुधा सकर्मक असते, आणि ओंडका, कवटी, खडक असे त्याचे कर्म त्याला लागूनच येते. 'थ्रू' हे अव्यय असल्यास अर्थ भेदून जाण्याचा असतो. जहाज पाणी कापत जाते किंवा पक्षी हवा चिरत जातो, अशा वर्णनांत ही रचना येते. हे दोन्ही प्रयोग आज साहित्यिक वळणाचे मानले जातात. रोजच्या बोलण्यात इंग्रजी माणूस फोडण्यासाठी 'स्प्लिट' आणि चिकटण्यासाठी 'स्टिक' हीच क्रियापदे वापरतो.

लाकूडकामातील अर्थ आणि लकडगंज

फोडण्याच्या अर्थाची नेमकी छटा लाकडाच्या धंद्यात स्पष्ट होते, आणि त्यासाठी नागपूरच्या लकडगंजचे उदाहरण सोयीचे आहे. लकडगंज हा पूर्व नागपुरातील भाग लाकडाच्या व्यापारासाठी आणि आरामशिनींसाठी ओळखला जातो. नागपूर महानगरपालिकेच्या दहा झोनपैकी एकाला त्याचेच नाव आहे. 'गंज' या फारसी शब्दाचा अर्थ कोठार, बाजार असा असून मराठीत या वस्तीला लाकूडपेठ म्हटले गेले असते. परंतु मध्य प्रांताची राजधानी राहिलेल्या या शहरात हिंदी आणि मराठी शेजारी नांदत आल्या आहेत, आणि वस्तीच्या नावात हिंदी वळण टिकले.

आरामशिनीवर ओंडक्याच्या फळ्या पाडण्याच्या कामाला 'चिराई' म्हणतात. या चिराईला इंग्रजीत 'क्लीव्ह' म्हणता येत नाही, तेथे 'सॉ' हेच क्रियापद योग्य ठरते. फरक हत्याराचा आहे, तसाच तत्त्वाचाही. आऱ्याचे पाते सरळ रेषेत जाते. लाकडाचे तंतू मध्येच वळले, तर ते वाटेत येणारे तंतू कापून पुढे जाते. पाचर ठोकून किंवा कुऱ्हाडीच्या घावाने लाकूड फोडताना मात्र ते स्वतःच्या तंतूंच्या रेषेने उकलते. भेग कोठे जाईल हे फोडणाऱ्यापेक्षा लाकूडच अधिक ठरवते. म्हणून सरळ तंतूंचे लाकूड सहज फुटते, तर गाठीचे व पिळाचे लाकूड पाचरीला दाद देत नाही. ज्याने चुलीसाठी लाकडे फोडली आहेत, त्याला हे वेगळे सांगावे लागत नाही.

फोडलेल्या लाकडात लांब तंतू अखंड राहतात. त्यामुळे तेवढ्याच जाडीच्या चिरलेल्या फळीपेक्षा ते वाकण्याला चांगले टिकते आणि पाणीही कमी शोषते. युरोपात कुंपणाच्या पट्ट्या आणि छपराच्या लाकडी कौलांसाठी फोडीव लाकूड पसंत केले जाई, त्याचे कारण हेच. भारतीय वाचकाला याचे सर्वांत जवळचे उदाहरण क्रिकेटच्या बॅटमध्ये मिळेल. विलोच्या ओंडक्याचे पाचरीने उभे तुकडे केले जातात आणि त्या कच्च्या तुकड्याला बॅटच्या धंद्यात 'क्लेफ्ट' असेच म्हणतात. एरवी वापरातून जवळजवळ गेलेले हे धातुसाधित काश्मीर, जालंधर आणि मेरठ येथील कारागिरांच्या तोंडी नाम म्हणून रुळले आहे. विदर्भातील बुरूडकामही याच जातीचे आहे. बांबूवर कोयता बसवून तो उभा फोडायचा आणि त्याच्या कामट्या काढायच्या, ही क्रिया इंग्रजीत 'क्लीव्ह' या शब्दाने अचूक सांगता येते.

लकडगंजच्या दुकानांत सागाच्या फळ्यांबरोबर प्लायवूडही विकले जाते. ओंडका फिरवत त्याचा पातळ पापुद्रा सोलून काढायचा आणि असे पापुद्रे एकमेकांवर आडवे-उभे ठेवून चिकटवायचे, अशी प्लायवूडची कृती आहे. सोलणे पहिल्या धातूच्या भावकीतले आणि गोंद दुसऱ्याच्या. हा योगायोगच आहे, पण दोन्ही अर्थ लक्षात ठेवण्यास उपयोगी पडावा असा.

विज्ञानातील वापर

बोलीतून मागे पडलेले हे क्रियापद विज्ञानात मात्र भरभक्कम टिकले आहे, आणि तेही केवळ फोडण्याच्या अर्थाने. जीवरसायनशास्त्रात विकरे प्रथिनांची किंवा डीएनएची साखळी ठरावीक जागी तोडतात तेथे हेच क्रियापद वापरतात. भ्रूणविज्ञानात फलित अंड्याच्या सुरुवातीच्या विभाजनांना 'क्लीव्हेज' म्हणतात आणि त्यासाठी 'विदलन' ही संस्कृत धातूवरून घडवलेली संज्ञा आहे. खनिजविज्ञानात स्फटिक ठरावीक प्रतलांवर सपाट फुटण्याच्या गुणधर्माला हेच नाम असून मराठी विश्वकोशात त्यासाठी 'पाटन' ही संज्ञा आढळते. अभ्रकाचे पापुद्रे निघतात ते एका दिशेच्या पाटनामुळे, तर कॅल्साइटचे तीन दिशांना पाटन होऊन तिरप्या ठोकळ्यांसारखे तुकडे पडतात. लाकडाप्रमाणेच येथेही फुटण्याची रेषा वस्तूच्या अंतर्रचनेत आधीच असते. काच फुटते, पण तिला पाटन नाही.

नागपूरच्या इतिहासात या शब्दाचे दोन्ही संदर्भ एका व्यक्तीच्या कामात भेटतात. स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी 1845 साली नागपुरास आले आणि 1863 साली त्यांचा बुडून मृत्यू झाला. धर्मप्रसारक म्हणून त्यांचा व्यवहार इंग्रजी बायबलशी होता, आणि भूविज्ञानाचे अभ्यासक म्हणून त्यांनी नागपूर परिसरातील खडक व जीवाश्म गोळा केले. या परिसरातील हिरव्या रंगाच्या एका कॅल्साइटला 1859 साली त्यांच्या नावावरून 'हिस्लोपाइट' असे नाव देण्यात आले. शहरातील हिस्लॉप महाविद्यालय 1883 साली त्यांच्याच नावाने सुरू झाले.

समाजशास्त्र व राज्यशास्त्र यांतही 'क्लीव्हेज' ही संज्ञा आहे. लिपसेट आणि रोक्कान यांच्या 1967 सालच्या लेखनानंतर धर्म, वर्ग, प्रदेश यांवरून मतदारांमध्ये पडणाऱ्या टिकाऊ विभागणीसाठी ती रूढ झाली.

संबंधित शब्द आणि नेहमीचे गोंधळ

'क्लीव्हर' म्हणजे खाटकाचा सत्तूर. त्यालाच शेवटी 'स' जोडून होणारे 'क्लीव्हर्स' हे मात्र एका वनस्पतीचे नाव आहे. आपल्याकडील आघाड्याप्रमाणे ती कपड्यांना चिकटते, आणि तिचे नाव चिकटण्याच्या क्रियापदाशी जोडले जाते.

स्वयंपाकघरात याहून मोठी पंचाईत होते. इंग्रजीत लसणाच्या पाकळीला 'क्लोव्ह' म्हणतात. तो शब्द फोडण्याच्या धातूतून आला आहे, कारण गड्डा फोडूनच पाकळ्या सुट्या होतात. लवंगेलाही इंग्रजीत 'क्लोव्ह'च म्हणतात, पण हा शब्द फ्रेंच भाषेतील खिळ्याच्या नावावरून आला, कारण लवंगेचा आकार खिळ्यासारखा असतो. 'गार्लिक' हा शब्द गाळून नुसतेच सहा 'क्लोव्ह' लिहिलेल्या पाककृतीचे भाषांतर करताना सहा पाकळ्या की सहा लवंगा, हे पदार्थ पाहूनच ठरवावे लागते.

मराठी प्रतिशब्द

मोल्सवर्थ यांनी आरंभलेला आणि थॉमस कँडी यांनी पूर्ण केलेला इंग्रजी-मराठी कोश 1847 साली प्रसिद्ध झाला. तेव्हापासून आजपर्यंत कोशकारांपुढील अडचण तीच आहे. मराठीत फोडण्याचे क्रियापद वस्तूनुसार बदलते. लाकूड फोडतात, कापड फाडतात, फळी चिरतात. जमीन भेगाळते, ओठ उकलतो, काच तडकते. शिवाय फुटणे आणि फोडणे, फाटणे आणि फाडणे अशा जोड्यांनी मराठी कर्ता व क्रिया यांचा संबंध जितका स्पष्ट करते, तितका इंग्रजी 'क्लीव्ह' करत नाही. चिकटण्याच्या अर्थासाठी वस्तूंच्या बाबतीत 'चिकटणे', मूल आईला धरते तेथे 'बिलगणे', आणि मताला किंवा नात्याला 'धरून राहणे' असे पर्याय आहेत. बायबलच्या मराठी भाषांतरात पतिपत्नींच्या संदर्भात 'जडून राहणे' हा प्रयोग आढळतो आणि तो सर्वांत सरस वाटतो, कारण जडवलेली वस्तू सहजी सुटत नाही.

उलट अर्थांचे शब्द मराठीला परके नाहीत. संपत्ती वाढवणे म्हणजे तिच्यात भर घालणे, पण नारळ वाढवणे म्हणजे तो फोडणे, आणि बांगडी वाढवणे म्हणजे ती फुटणे किंवा फोडणे. हिंदीतही दुकान 'बढ़ाना' म्हणजे ते बंद करणे. तथापि या साम्यावरून 'क्लीव्ह'चे स्पष्टीकरण देणे योग्य नाही. 'वाढवणे' हे एकच क्रियापद असून अशुभ शब्द तोंडी येऊ नये म्हणून त्याला उलट अर्थ जोडला गेला. 'क्लीव्ह'मध्ये असा कोणताही संकेत नाही. तेथे दोन निरनिराळे शब्द ध्वनिबदलाने एका रूपात येऊन मिळाले आहेत.

राज्यशास्त्रातील 'क्लीव्हेज'साठी मराठी लेखनात 'भेदरेषा', 'विभाजन' असे शब्द वापरले जातात. बोलीतील 'दुफळी' हा शब्द मूळ क्रियापदाच्या त्याहून जवळ आहे. 'दु' आणि 'फळी' यांपासून तो बनला असून फळी म्हणजे लाकडाची पट्टी आणि फळी म्हणजे माणसांचा गटही. मात्र दुफळी बहुधा तात्कालिक भांडणाची असते, तर राज्यशास्त्राला अभिप्रेत असलेली विभागणी पिढ्यान्‌पिढ्या टिकते. हा फरक जेथे महत्त्वाचा आहे, तेथे 'भेदरेषा' हाच शब्द ठेवणे बरे.