चार चाके आणि तीन टेकू

फोर्कलिफ्ट पाहणाऱ्यास ती मोटारीचाच एक ठेंगणा, ओबडधोबड प्रकार वाटते, आणि या यंत्रापायी घडणाऱ्या अनर्थांपैकी बरेचसे या एका गैरसमजुतीच्या पोटी जन्मास येतात. चार चाके आहेत, स्टीअरिंग आहे, ब्रेक आहे, हॉर्न आहे, डोक्यावर लोखंडी छप्परही आहे. तेव्हा ज्याला टेम्पो चालविता येतो त्याला हे न यावयास काय झाले, असा हिशेब भिवंडीच्या गोदामातील एखादा मुकादम मनाशी करतो आणि नेहमीचा ऑपरेटर रजेवर गेला की दाराशी आलेल्या टेम्पोच्या ड्रायव्हरलाच त्या आसनावर बसवून मोकळा होतो. वास्तविक मोटारीचे ओझे कितीही वाढले तरी ते तिच्या चार चाकांच्या चौकटीतच राहते. फोर्कलिफ्टचे ओझे मात्र चाकांच्या बाहेर, पुढच्या आसाच्याही पुढे, दोन पोलादी काट्यांवर तोललेले असते. म्हणून तिला वाहन म्हणण्यापेक्षा चालता तराजू म्हणणे अधिक यथार्थ ठरेल, आणि तराजूचे नियम मोटारीच्या नियमांहून निराळे असतात.

या यंत्राचा इतिहास फार जुना नाही. 1917 साली अमेरिकेतील मिशिगन राज्यात बुकॅनन या गावी क्लार्क कंपनीने स्वतःच्या कारखान्यातील माल हलविण्यासाठी जी स्वयंचलित गाडी बनविली, ती या वंशाचा मूळपुरुष मानली जाते. पुढे दुसऱ्या महायुद्धात युद्धसामग्रीची चढउतार अफाट वाढली, तेव्हा लाकडी पॅलेट आणि फोर्कलिफ्ट ही जोडी जगभर रूढ झाली. ज्या मुंबईत क्विंटलभराची गोणी माणसाने पाठीवर घेऊन फळीवरून चढावयाची हा शिरस्ता होता, आणि ज्या महाराष्ट्राला 1969 साली माथाडी व हमाल कामगारांसाठी स्वतंत्र कायदा करावा लागला, तेथे या यंत्राविषयी आकस बाळगण्याचे काही कारण नाही. त्याने कित्येकांचे मणके वाचविले आहेत. प्रश्न आहे तो त्याचा स्वभाव ओळखण्याचा.

त्या स्वभावाचे पहिले सूत्र आर्किमिडीजच्या तरफेचे आहे. पुढच्या चाकांचा आस हा टेकू; त्याच्या पुढे काट्यांवरील माल आणि मागे यंत्राचा स्वतःचा भार, ज्यात पाठीमागे बसविलेल्या बिडाच्या भल्यामोठ्या प्रतिभाराचा वाटा मोठा असतो. दोन टन उचलणारी फोर्कलिफ्ट स्वतः साडेतीन टनांच्या घरात असते, म्हणजे तीन मध्यम मोटारींइतकी, ती यासाठीच. आता तरफेच्या बाबतीत केवळ वजन पाहून भागत नाही, टेकूपासूनचे अंतरही पाहावे लागते, आणि नेमके हेच गोदामातील घाईत विसरले जाते. चालकाच्या आसनाजवळ रिव्हेटांनी ठोकलेली एक धातूची पट्टी असते. तिच्यावर यंत्राची क्षमता लिहिलेली असते आणि तिच्या शेजारीच, बहुधा कोणी न वाचलेला, 500 मिलिमीटर हा आकडा असतो. त्याचा अर्थ असा की, मालाचा गुरुत्वमध्य काट्यांच्या उभ्या पाठीपासून अर्ध्या मीटरवर असेल तरच ती क्षमता खरी. आसापासून काट्यांच्या पाठीपर्यंतचे अंतर 400 मिलिमीटर धरले तर दोन टनांचे ओझे टेकूपासून 0.9 मीटरवर येते आणि 2000 गुणिले 0.9, म्हणजे 1800 किलोग्रॅम-मीटर इतके पुढे पाडणारे परिपीडन निर्माण करते. तेच ओझे लांबट पेटीत असून त्याचा मध्य 700 मिलिमीटरवर गेला, तर अंतर 1.1 मीटर होते आणि तेवढ्याच परिपीडनात 1636 किलोंहून अधिक बसत नाही. मालाच्या चलनावर दोन टन लिहिलेले, पट्टीवरही दोन टन लिहिलेले, आणि तरीही यंत्र साडेतीनशे किलोंहून अधिक भाराने मर्यादेबाहेर गेलेले असते. चलन लिहिणारा कारकून आणि काटे घालणारा चालक, दोघेही आपापल्या जागी निर्दोष असतात.

अशा वेळी मागची चाके किंचित उचलली जातात, आणि स्टीअरिंग मागच्या चाकांवर असल्याने चालकाच्या हातातील चक्र त्या क्षणी निरुपयोगी होते. यावर आपल्याकडे जो उपाय प्रचलित आहे तो पाहिला म्हणजे हसावे की रडावे हे समजेनासे होते: दोन धडधाकट हमाल मागच्या प्रतिभारावर चढून बसतात, यंत्र शांत होते आणि सर्वांना आपण युक्ती लढविल्याचे समाधान लाभते. मास्ट (काटे ज्यावरून वरखाली होतात तो उभा सांगाडा), साखळ्या आणि काटे यांची रचना ज्या भारासाठी झाली तो भार तर ओलांडला गेलाच. शिवाय माल घसरला की तराजूचे मागचे पारडे धाडकन खाली येते आणि त्यावर दोन माणसे बसलेली असतात.

परंतु पुढे कलंडण्याहून घातक असते ते बाजूला उलटणे, आणि त्याचे कारण फोर्कलिफ्टच्या पोटाखाली दडलेले आहे. तिची पुढची चाके चौकटीशी घट्ट बांधलेली असतात, पण मागचा आस मधोमध एका खिळीवर तोललेला असतो, जेणेकरून उंचसखल फरशीवर चारही चाके जमिनीला टेकून राहावीत. परिणामी दिसावयास चाके चार असली तरी यंत्राला आधार मिळतो तो तीन ठिकाणी: पुढची दोन चाके आणि मागची ती खिळी. हे तीन बिंदू जोडले की जो त्रिकोण होतो त्याला स्थैर्याचा त्रिकोण म्हणतात, आणि यंत्र व माल यांच्या एकत्रित गुरुत्वमध्यातून खाली सोडलेला ओळंबा जोवर या त्रिकोणाच्या आत पडतो, तोवरच यंत्र उभे असते.

यातून एक विलक्षण निष्कर्ष निघतो, जो अनुभवी चालकांनाही चकवितो. भरलेल्या फोर्कलिफ्टपेक्षा रिकामी फोर्कलिफ्ट वळणावर अधिक सहज उलटते. कागदावर एक उदाहरण मांडू. पुढच्या चाकांतील अंतर 900 मिलिमीटर, पुढच्या आसापासून मागच्या खिळीपर्यंत 1500, आणि रिकाम्या यंत्राचा गुरुत्वमध्य पुढच्या आसामागे 900 मिलिमीटरवर, जमिनीपासून 600 उंच. त्रिकोण मागे निमुळता होत जातो, म्हणून त्या ठिकाणी मध्यापासून कडेपर्यंत अवघे 180 मिलिमीटर उरतात. काट्यांवर दोन टन माल खाली धरून घेतला की एकत्रित मध्य पुढे, त्रिकोणाच्या रुंद भागात सरकतो आणि तेच अंतर सुमारे 375 मिलिमीटर होते. म्हणजे माल उतरवून, काम झाल्याच्या आनंदात, ताशी 10 किलोमीटरने अडीच मीटर त्रिज्येचे वळण घेणारा चालक आपल्या यंत्राला गुरुत्वाच्या जवळजवळ एकतृतीयांश इतक्या जोराने बाजूला ढकलत असतो, आणि या रिकाम्या यंत्राची सहनशक्तीही तेवढ्यातच संपते. हा जोर वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. तेच वळण ताशी 5 किलोमीटरने घेतले तर तो निम्मा नव्हे, चतुर्थांश होतो. गोदामात वेगमर्यादेच्या पाट्या लावणारे या वर्गाचा उल्लेख करीत नाहीत. केला असता तर ती मर्यादा म्हणजे मालकाची लहर नव्हे हे चालकास कदाचित पटले असते.

उंचीची गोष्ट तर याहून नाजूक आहे. माल वर चढविला की गुरुत्वमध्यही वर चढतो, आणि जमिनीच्या बारीकशा कलाने ओळंबा त्रिकोणाबाहेर जाऊ लागतो. उत्पादक या यंत्रांची परीक्षा कलत्या चौथऱ्यावर घेतात; पाच टनांखालील यंत्राने पूर्ण भार पूर्ण उंचीवर धरला असता पुढच्या दिशेने शंभरास चार इतका उतार सहन करावा अशी आंतरराष्ट्रीय मानकांची अपेक्षा आहे, आणि भार खाली ठेवून चालण्याच्या स्थितीत मात्र शंभरास अठरा. या दोन आकड्यांमधील तफावत हीच या विषयाची खरी शिकवणी होय. शंभरास चार म्हणजे मीटरभर फरशीत चार सेंटिमीटरचा कल. आपल्या गोदामांतील उखडलेली लादी किंवा पावसाळ्यात खचलेला कोबा याहून कितीसा कमी असतो? म्हणूनच काटे जमिनीपासून वीतभर उंच आणि मास्ट मागे कललेला ठेवूनच चालावे, माल वर नेणे ते रॅकसमोर थांबल्यावरच, हा दंडक आहे. उतारावर भरलेले यंत्र नेताना मालाचे तोंड नेहमी चढाच्या दिशेस ठेवावयाचे, मग उतरताना उलट चालवावे लागले तरी बेहत्तर. आणि उतारावर वळण घ्यावयाचे नाही.

यंत्र उलटू लागले म्हणजे माणसाची सहजप्रवृत्ती त्याच्या मुळावर येते. उडी मारून निसटावे असे प्रत्येकास वाटते, आणि उलटणाऱ्या बाजूस मारलेली उडी माणसास नेमकी त्या लोखंडी छपराच्या कडेखाली नेऊन ठेवते. ते छप्पर वरून पडणाऱ्या मालापासून रक्षण करण्यासाठी असते. बाहेर पडलेल्या चालकाचा काळ तेच होते. योग्य कृती याच्या अगदी उलट आहे: पट्टा बांधलेला असावा, स्टीअरिंग घट्ट धरावे, पाय रोवावेत आणि पडण्याच्या विरुद्ध दिशेस झुकावे. हे प्रसंगी सुचत नाही, आधी अंगी मुरवावे लागते. अमेरिकेच्या व्यावसायिक सुरक्षा व आरोग्यविषयक राष्ट्रीय संस्थेने 1980 ते 1994 या काळातील फोर्कलिफ्टसंबंधित 1021 मृत्यूंचा धांडोळा घेतला, तेव्हा त्यांतील 22 टक्के यंत्र उलटल्याने आणि 20 टक्के पायी चालणाऱ्यांना धडक बसल्याने झाल्याचे आढळले.

त्या पायी चालणाऱ्यांविषयी आता लिहावयास हवे, कारण चालकाला निदान छप्पर तरी असते. मागची चाके वळत असल्याने फोर्कलिफ्टचे बूड वळणाच्या बाहेरच्या अंगास झपाट्याने फिरते, आणि मोटारीच्या सवयीने 'गाडी पुढून निघून गेली' असे समजून भिंतीलगत उभा राहिलेला हेल्पर प्रतिभार आणि भिंत यांच्यामध्ये सापडतो. समोर मास्ट, साखळ्या आणि वर छातीएवढा माल. चालकाला दिसते ते फटींमधून. त्यात विजेवर चालणारी यंत्रे आल्यापासून धूर गेला ही चांगली गोष्ट झाली, पण आवाजही गेला. ताशी 10 किलोमीटरने चालणारे साडेपाच टनांचे भरलेले यंत्र, चालकाचा पाय ब्रेकवर पोहोचेपर्यंतच्या एका सेकंदात, पावणेतीन मीटर पुढे आलेले असते. पिवळ्या पट्ट्यांनी आखलेली पायवाट उपयुक्त खरी, परंतु त्या पट्ट्यांवर खोक्यांची थप्पी लावलेली नसेल तर. माझ्या मते रंगापेक्षा कठडा बरा, आणि कठड्यापेक्षाही उत्तम म्हणजे पाणपोई, हजेरीचे टेबल व संडास यांच्या जागाच अशा नेमणे, की माणसाला यंत्राची वाट ओलांडण्याचा प्रसंग येऊ नये.

अपघातानंतर चौकशीचे कागद तयार होतात आणि कारणाच्या रकान्यात बहुधा चालकाची कसूर नोंदविली जाते. ही नोंद खोटी नसते, अपुरी असते. आपल्या मोटार वाहन कायद्याने, 1988 च्या अधिनियमातील व्याख्येनुसार, केवळ कारखान्यात किंवा बंदिस्त आवारात वापरावयाची खास बनावटीची वाहने मोटार वाहनाच्या संज्ञेतून वगळली आहेत. म्हणजे आवारात फिरणाऱ्या फोर्कलिफ्टच्या चालकाची परीक्षा घेणारा परिवहन खात्याचा निरीक्षक दारात उभा नसतो, आणि त्याला शिकवून तपासून घेण्याची जबाबदारी सर्वस्वी मालकावर येते. अमेरिकेत 1999 पासून चालकास प्रत्यक्ष त्याच्या कामाच्या जागी प्रशिक्षण देणे आणि निदान दर तीन वर्षांनी त्याची फेरतपासणी करणे मालकावर बंधनकारक आहे. आपल्याकडे राष्ट्रीय सुरक्षा परिषदेची स्थापना 4 मार्च 1966 रोजी झाली आणि तो दिवस दरवर्षी शपथ, फलक व बिल्ले यांनी साजरा होतो. मोठ्या कारखान्यांतून सुरक्षा अधिकारीही असतात. पण गोदामातील यंत्र एका ठेकेदाराचे, चालक दुसऱ्याचा, हेल्पर तिसऱ्याचा आणि माल चौथ्याचा, अशी व्यवस्था असेल तेथे पट्टीवरचा 500 चा अर्थ चालकाला समजावून सांगण्याचे काम नेमके कोणाचे, हे त्या चौघांपैकी एकालाही विचारून पाहावे.

याच व्यवस्थेत आणखी एक प्रघात निर्वेधपणे चालतो. वरच्या फळीवरची एखादी पेटी हवी असते, शिडी सापडत नाही, म्हणून काट्यांवर पॅलेट ठेवून त्यावर मुलगा उभा केला जातो आणि त्याला चार मीटर वर चढविले जाते. त्या पॅलेटला ना कठडा असतो ना ते काट्यांना जखडलेले असते. मुलगा पेटी ओढताना एका अंगावर झुकतो, आणि तराजूच्या पारड्यात जिवंत, हलणारे वजन असते. माणसे वर नेण्यासाठी कठड्यांचा, काट्यांना कुलूपबंद होणारा पिंजरा मिळतो, आणि तोही यंत्राच्या उत्पादकाची अनुमती असेल तरच वापरावयाचा असतो. ज्या गोदामात लाखोंचा माल रॅकवर आहे तेथे एक धड चाकाची शिडी नसावी, याला काटकसर म्हणता येत नाही.

जेवणाच्या सुटीतली गोष्ट राहिलीच. चालक डबा खावयास जातो, काटे हवेत तसेच असतात आणि चावी यंत्रालाच लटकत असते. हौशी पोर आसनावर चढते. पाळी संपताना काटे जमिनीला टेकवून, हँडब्रेक ओढून, चावी सुपरवायझरच्या खणात जमा करणे आणि ती ज्याच्या नावाने प्रशिक्षणाचा दाखला आहे त्यालाच नोंदवहीत सही घेऊन देणे, याला खर्च येतो तो एका वहीचा आणि खणाच्या कुलपाचा.