चौदाव्या दिवसाचे विष

वनस्पतींनी तयार केलेल्या विषांमध्ये अल्कलॉइड या वर्गाचे स्थान मोठे आहे. नायट्रोजनयुक्त, चवीला बहुधा कडू आणि अत्यल्प मात्रेतही प्राण्यांच्या शरीरावर ठळक परिणाम करणाऱ्या या संयुगांत अफूतील मॉर्फिन, तंबाखूतील निकोटिन आणि धोतऱ्यातील ॲट्रोपिन यांचा समावेश होतो. याच वर्गात एक वेगळा गट असा आहे की त्यातील रेणूंचा सांगाडा स्टेरॉइडांचा, म्हणजे एकमेकांना चिकटलेल्या कार्बनच्या चार कड्यांचा असतो, आणि वनस्पती तो कोलेस्टेरॉलपासून घडवतात. त्यांना स्टेरॉइडी अल्कलॉइड म्हणतात. हिरव्या पडलेल्या किंवा कोंब आलेल्या बटाट्यातील सोलानिन आणि आयुर्वेदात अतिसारावर वापरल्या जाणाऱ्या कुड्याच्या सालीतील कोनेसिन ही या गटाची महाराष्ट्राला जवळची उदाहरणे होत. सायक्लोपामिन हे त्याच गटातील, परंतु अमेरिकेतील एका डोंगरी वनस्पतीत सापडलेले संयुग असून, पशुवैद्यक, गर्भविज्ञान आणि कर्करोगविज्ञान या तीन शाखांना त्याने एका धाग्यात ओवले आहे.

सायक्लोपामिन ज्या वनस्पतीमुळे प्रसिद्धीस आले तिचे शास्त्रीय नाव व्हेराट्रम कॅलिफॉर्निकम असे असून, पाने मक्याच्या पानांची आठवण करून देणारी असल्यामुळे तिला तेथे कॉर्न लिली म्हणतात. पश्चिम अमेरिकेच्या पर्वतरांगांतील उंचावरच्या पाणथळ कुरणांत, बर्फ वितळताच जमिनीखालच्या जाड मूलक्षोडातून, म्हणजे आडव्या वाढणाऱ्या भूमिगत खोडातून, तिचे कोंब वर येतात आणि उन्हाळ्यात ती पुरुषभर उंच होते. रुंद पानांवर लांबीच्या दिशेने चुण्या पडलेल्या दिसतात आणि शेंड्याला फिक्या पांढऱ्या फुलांचे तुरे येतात. या प्रजातीत अनेक अल्कलॉइडे असतात. त्यांपैकी काही चेतातंतूंवर परिणाम करून हृदयाची गती मंदावतात आणि रक्तदाब धोकादायक पातळीपर्यंत उतरवतात, आणि याच गुणामुळे व्हेराट्रमच्या इतर जातींतील द्रव्ये विसाव्या शतकाच्या मध्यावर काही काळ रक्तदाबावरील औषधे म्हणून वापरलीही गेली. सायक्लोपामिनची गोष्ट मात्र याहून निराळी आहे, कारण ते खाणाऱ्या मेंढीला अनेकदा काहीच झालेले दिसत नाही. आघात होतो तो तिच्या पोटातील गर्भावर.

आयडाहो राज्यातील मेंढपाळ उन्हाळ्यात आपले कळप उंचावरील कुरणांत नेत असत, आणि विसाव्या शतकाच्या पूर्वार्धापासून त्यांच्या काही कळपांत विचित्र व्यंगाची कोकरे जन्माला येत होती. अशा कोकराच्या चेहऱ्याच्या मधोमध एकच डोळा असे, किंवा एकाच खोबणीत दोन बुबुळे जोडलेली असत. नाकाच्या जागी काही नसे किंवा डोळ्याच्या वर सोंडेसारखा मांसल भाग लोंबत असे. वरचा जबडा खुरटलेला आणि खालचा पुढे येऊन वर वळलेला असे. मेंदूचे डावा आणि उजवा असे दोन भागही धड वेगळे झालेले नसत. ज्या गर्भांत पोष ग्रंथीची वाढ बिघडलेली असे, त्यांच्या बाबतीत प्रसूती सुरू करणारे संकेतच न मिळाल्यामुळे मेंढी दिवस भरल्यानंतरही व्यालेली नसे आणि पोटातील कोकरू वाढत राहिल्याने तिच्याही जिवावर बेते. जी कोकरे जन्मत ती फार काळ जगत नसत. काही कळपांत व्यंग असलेल्या कोकरांचे प्रमाण एक चतुर्थांशापर्यंत पोचल्यावर मेंढपाळांनी सरकारकडे धाव घेतली आणि १९५० च्या दशकात अमेरिकेच्या कृषी खात्याने या प्रकाराचा शोध हाती घेतला.

प्रारंभी संशय आनुवंशिकतेवर होता. व्यंग असलेली कोकरे देणाऱ्या मेंढ्या आणि त्यांचे मेंढे एकत्र आणून पैदाशीचे प्रयोग केले गेले, परंतु त्यांतून निकोप कोकरेच जन्मली. तेव्हा दोष रक्तात नसून चाऱ्यात असावा असा निष्कर्ष निघाला. वेन बिन्स, लिन जेम्स आणि पुढे रसायनशास्त्रज्ञ रिचर्ड कीलर यांनी युटा राज्यातील लोगन येथील विषारी वनस्पतींच्या संशोधनासाठीच्या प्रयोगशाळेत हे काम नेटाने चालवले. कुरणात मेंढ्या नेमके काय खातात याचे निरीक्षण करायचे, संशयित वनस्पती गोळा करायच्या आणि त्या एकेक करून गाभण मेंढ्यांना खाऊ घालून कोकरांची वाट पाहायची, अशी ही संथ पद्धत होती. तिच्यातूनच अपराधी व्हेराट्रम असल्याचे निश्चित झाले.

याहून महत्त्वाचा शोध वेळेचा होता. गर्भधारणेनंतर चौदाव्या दिवशी मेंढीने ही वनस्पती खाल्ली तर एकाक्ष कोकरू जन्मते. तो दिवस टळला तर हे व्यंग होत नाही. एकोणीस ते एकवीस या दिवसांत खाल्ल्यास गर्भ बहुधा मरतो. अठ्ठाविसाव्या दिवसानंतरच्या थोड्या काळात खाल्ल्यास पायांची हाडे आखूड राहतात किंवा श्वासनलिका चिंबलेली राहते. आणि त्यापुढे गर्भ बव्हंशी सुरक्षित असतो. गर्भात कोणता अवयव कोणत्या दिवशी आकार घेतो याचे वेळापत्रकच जणू या विषाने उघडे केले. मेंढपाळांना त्यातून साधा आणि बिनखर्ची उपाय मिळाला: मेंढे कळपात सोडल्यापासून ते बाहेर काढल्यानंतरचा सुमारे महिनाभर मेंढ्यांना व्हेराट्रम असलेल्या कुरणात चारायचे नाही. कडक हिमदव पडून वनस्पती वाळली की तिचा विषारीपणा उतरतो, हेही आढळून आले. १९६० च्या दशकात कीलर यांनी वनस्पतीच्या अर्कातून हे व्यंग घडवणारी द्रव्ये वेगळी केली आणि त्यांतील प्रमुख द्रव्याला, ग्रीक पुराणकथांतील सायक्लोप्स या एकाक्ष राक्षसांवरून, सायक्लोपामिन हे नाव दिले. आम्लात हे संयुग टिकत नाही, त्याचे रूपांतर व्हेराट्रामिन या वेगळ्या द्रव्यात होते आणि त्या द्रव्याला एकाक्ष व्यंग घडवता येत नाही. रवंथ करणाऱ्या मेंढीच्या पोटाच्या पहिल्या मोठ्या कप्प्यात मात्र फारसे आम्ल नसते. कारण सापडले, उपाय सापडला, द्रव्यही हाती आले. परंतु ते द्रव्य गर्भात नेमके करते काय, हे पुढील तीस वर्षे कोणालाही सांगता आले नाही.

त्या प्रश्नाचे उत्तर मेंढ्यांशी काहीही संबंध नसलेल्या संशोधनातून आले. जर्मनीतील हायडेलबर्ग येथे क्रिस्टियान न्युसलाइन-फोलहार्ड आणि एरिक वीशाउस हे फळमाशीच्या अळीचे शरीर कोणत्या जनुकांमुळे आकार घेते याचा अभ्यास करत होते आणि १९८० मध्ये त्यांनी आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. एका जनुकात बिघाड झाल्यास अळीच्या पोटाकडील बाजू सलग बारीक काट्यांनी भरून जाते असे त्यांना दिसले, म्हणून सायाळीपेक्षा लहान अशा जाहक या काटेरी प्राण्याच्या इंग्रजी नावावरून त्यांनी त्या जनुकाला हेजहॉग म्हटले. या कामासाठी १९९५ मध्ये एडवर्ड लुईस यांच्यासह त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले. कणा असलेल्या प्राण्यांतही याच जनुकाची भावंडे असल्याचे १९९३ मध्ये स्पष्ट झाले. त्यांपैकी दोघांना जाहकाच्या जातींची, तर तिसऱ्याला सॉनिक हेजहॉग असे एका व्हिडिओ गेममधील पात्राचे नाव मिळाले, आणि गर्भातील मेंदू, चेहरा व हातपाय यांच्या जडणघडणीत याच तिसऱ्याचा वाटा सर्वांत मोठा असल्याचे आढळले.

गर्भाच्या अगदी सुरुवातीच्या अवस्थेत डोळे दोन नसतात. मेंदूच्या पुढच्या टोकाला, डोळे घडवू शकणाऱ्या पेशींचा एकच सलग पट्टा असतो. त्या पट्ट्याच्या मधोमध, खालच्या बाजूस असलेल्या पेशींतून सॉनिक हेजहॉग हे प्रथिन पाझरते आणि त्याचा संदेश मिळालेल्या मधल्या पेशी डोळा घडवण्याचे काम सोडून देतात. त्यामुळे पट्टा दुभंगतो आणि दोन कडांना दोन डोळे तयार होतात. मेंदूचा पुढचा भाग डावा-उजवा वेगळा होणे हेही याच संदेशावर अवलंबून असते. संदेश पोचलाच नाही तर पट्टा अखंड राहतो आणि एकच डोळा तयार होतो. १९९६ मध्ये सॉनिक हेजहॉग जनुक काढून टाकलेल्या उंदरांचे गर्भ प्रयोगशाळेत तयार केले गेले तेव्हा ते एकाक्ष निघाले, आणि त्याच वर्षी मानवी अर्भकांतील मेंदू न दुभंगण्याच्या जन्मजात व्यंगामागेही काही कुटुंबांत याच जनुकातील बिघाड असल्याचे दाखवले गेले. आयडाहोच्या कोकरांची छायाचित्रे आणि या उंदरांचे गर्भ यांतील साम्य नजरेतून सुटणारे नव्हते.

फिलिप बीची आणि हेंक रोएलिंक यांच्या स्वतंत्र संशोधक गटांनी १९९८ मध्ये दाखवून दिले की सायक्लोपामिन हेजहॉगचा संदेशच अडवते, आणि २००२ मध्ये ते नेमके कुठे चिकटते हेही स्पष्ट झाले. पेशीच्या आवरणात स्मूदन्ड नावाचे एक प्रथिन असते आणि ते कार्यरत झाले की पेशीतील वाढीची जनुके चालू होतात. एरवी पॅच्ड नावाचे दुसरे प्रथिन त्याला दाबून ठेवते. हेजहॉग येऊन पॅच्डला चिकटला की हा दाब उठतो, स्मूदन्ड मोकळे होते आणि संदेश पेशीकेंद्रापर्यंत जातो. सायक्लोपामिन थेट स्मूदन्डला चिकटून त्याला निकामी करते, म्हणून बाहेर हेजहॉग कितीही असला तरी उपयोग होत नाही. किल्ली हरवली काय किंवा कुलपात खडा अडकला काय, दार बंदच राहते, त्याप्रमाणे जनुक नसलेला उंदीर आणि विष भिनलेले कोकरू यांची दशा एकसारखी होते. स्मूदन्डच्या सामान्य कामकाजात कोलेस्टेरॉलचा सहभाग असतो हे पुढे सिद्ध झाले आहे, आणि कोलेस्टेरॉलपासूनच घडलेला स्टेरॉइडी सांगाडा असलेल्या या अल्कलॉइडाने नेमके तेच प्रथिन गाठावे, यात त्यामुळे फारसे आश्चर्य उरत नाही.

पूर्ण वाढ झालेल्या शरीरात हा संदेशमार्ग बव्हंशी शांत असतो. त्वचा, केसांची मुळे आणि जिभेवरील रुचिकलिका यांसारख्या सतत नव्याने घडणाऱ्या ठिकाणी तो जागा असतो. मात्र पॅच्ड जनुक बिघडले तर स्मूदन्डवरील दाब कायमचा उठतो आणि पेशी थांबल्याविना वाढू लागतात. गोर्लिन सिंड्रोम या आनुवंशिक विकारात रुग्णाला त्वचेवर बेसल सेल कार्सिनोमा नावाच्या कर्करोगाच्या अनेक गाठी येतात, आणि १९९६ मध्ये त्याचे मूळ पॅच्डमधील बिघाडात असल्याचे सापडले. ज्यांना हा आनुवंशिक विकार नाही अशा रुग्णांतील याच कर्करोगातही आणि मुलांच्या लहान मेंदूत होणाऱ्या मेड्युलोब्लास्टोमाच्या काही प्रकारांतही हाच मार्ग बेफाम झालेला असतो. जे द्रव्य गर्भातील आवश्यक संदेश थांबवून अनर्थ करते, तेच द्रव्य अनावश्यक संदेश थांबवून गाठ रोखू शकेल, ही कल्पना येथून पुढे आली, आणि प्राण्यांवरील प्रयोगांत ती खरी ठरली.

सायक्लोपामिन स्वतः मात्र औषध होऊ शकले नाही. ते पाण्यात नीट विरघळत नाही, जठरातील आम्लात टिकत नाही आणि त्याची ताकदही अपुरी पडते. म्हणून त्याने दाखवलेल्या लक्ष्याला, म्हणजे स्मूदन्डला, धरणारी वेगळ्या रचनेची संयुगे शोधली गेली. त्यांतील व्हिस्मोडेगिब या औषधाला जानेवारी २०१२ मध्ये अमेरिकेच्या औषध प्रशासनाने, पसरलेल्या किंवा शस्त्रक्रियेने काढता न येणाऱ्या बेसल सेल कार्सिनोमासाठी मान्यता दिली. २०१५ मध्ये सोनिडेगिब आणि २०१८ मध्ये रक्ताच्या एका कर्करोगासाठी ग्लासडेगिब ही औषधे आली. वनस्पतीतील रेणू या गोळ्यांत नाही. त्याने दाखवलेली जागा तेवढी त्यांत आहे, आणि म्हणून व्हेराट्रमचा पाला किंवा मुळी औषध समजून घेणे हे निव्वळ विष घेणे ठरते. या औषधांनाही मर्यादा आहेत. स्मूदन्डच्या रचनेत बदल होऊन गाठी पुन्हा डोके वर काढतात, स्नायूंत पेटके येतात, केस गळतात आणि चव जाते. यांपैकी केस आणि चव यांचे कारण हा मार्ग कुठे जागा असतो ते पाहिले की सहज उमगते. वाढत्या मुलांत हाडांच्या टोकांजवळील वाढीचे पट्टे वेळेआधी बंद होण्याचाही धोका असतो.

सर्वांत कडक इशारा गर्भाविषयी आहे. व्हिस्मोडेगिब घेणाऱ्या स्त्रीने उपचाराच्या काळात आणि शेवटच्या मात्रेनंतर २४ महिने गर्भधारणा टाळावी, पुरुषानेही गर्भनिरोधक वापरावे आणि कोणीही त्या काळात रक्तदान करू नये, असे अमेरिकेतील औषधपत्रक सांगते. एरवी औषधांचे दुष्परिणाम कमी करण्यासाठी रसायनशास्त्रज्ञ रेणूत फेरफार करतात, पण येथे तो मार्ग बंद आहे. गाठ थांबवणारी क्रिया आणि गर्भाचा चेहरा बिघडवणारी क्रिया या दोन वेगळ्या क्रिया नाहीत. स्मूदन्ड जितके अचूक बंद होईल तितके औषध चांगले, आणि तितकाच गर्भाला त्याचा धोका मोठा.