अकलूज: मुक्काम सांभाळणारं गाव

अकलूजचा वारसा दाखवायचा म्हटलं की पाहुण्याला थेट नीरेकाठच्या भुईकोटात नेतात. परंपरा या किल्ल्याचा संबंध यादव राजा सिंघणाशी, म्हणजे तेराव्या शतकाशी जोडते. आज त्याची डागडुजी होऊन आत शिवसृष्टी उभी आहे. शिवचरित्रातले प्रसंग शिल्पांतून मांडले आहेत आणि शाळांच्या सहलींना ते आवडतातही. जुन्या दगडाच्या ओढीने आलेल्याचं मन मात्र इथे फारसं रमत नाही. त्याने याच माळशिरस तालुक्यातलं वेळापूर गाठावं. तिथे अर्धनारीनटेश्वराच्या देवळात यादवकाळ शिल्पांत आणि शिलालेखांत शाबूत आहे. दगडांच्या हिशेबात अकलूज वेळापूरपुढे उणंच पडतं, हे मान्य करूनच पुढे जायला हवं. अकलूजकडे जे वडिलोपार्जित आहे ते बांधलेलं कमी आणि करायचं जास्त आहे. आलेल्यांचा मुक्काम सांभाळणं हा या गावाचा जुना धंदा आहे.

त्याचं मूळ नदीत आहे. नीरेचं पाणी आणि पंढरपूरकडे जाणारी वाट या दोन गोष्टी एकत्र आल्या की तिथे माणसं थांबणारच. फेब्रुवारी 1689 मध्ये संभाजी महाराज पकडले गेल्याची खबर औरंगजेबाला मिळाली, तेव्हा त्याची छावणी अकलूजला होती. शत्रूच्या तळाला वारसा कोण म्हणेल, असं कुणी विचारेल. अभिमान वाटावा असं त्यात काहीच नाही, हे खरंच. पण बादशाही लष्कर तळ ठोकतं ते पाणी आणि वैरण पाहून, आणि या गावाच्या जागेविषयी ती छावणी जे सांगते ते किल्ल्याचा बुरूज सांगत नाही.

याच जागेचं सर्वांत देखणं रूप आषाढात दिसतं. सराटीला तुकोबांच्या पादुकांना नीरेचं स्नान घडतं, पालखी पूल ओलांडून सोलापूर जिल्ह्यात येते आणि सदाशिवराव माने विद्यालयाच्या मैदानावर गोल रिंगण लागतं. आधी पताकावाले धावतात, मग डोईवर तुळस घेतलेल्या बाया, मग विणेकरी. शेवटी अश्व सुटतात: एकावर स्वार, दुसरा देवाचा, म्हणून त्याची पाठ मोकळी. ते फेऱ्या पुऱ्या करतात न करतात तोच लोक टापांखालची माती कपाळाला लावायला झेपावतात. दुसऱ्या दिवशी माळीनगरला उभं रिंगण होतं आणि पालखी पुढे जाते. पण तेवढ्या मुक्कामासाठी मैदान, पाण्याचे टँकर, हजारोंच्या पंगती आणि रात्रीचा निवारा यांची तयारी गावाला दरसाल नव्याने करावी लागते. एक वर्ष हयगय झाली तर वारकऱ्यांचे हाल होतात आणि गावाची अब्रू जाते. किल्ल्याची भिंत दहा वर्षं दुर्लक्षात गेली तरी उभी असते.

लावणीचंही तसंच. सहकारमहर्षी शंकरराव मोहिते-पाटील यांच्या स्मरणार्थ, जयसिंह मोहिते-पाटील यांच्या पुढाकाराने 1990च्या दशकात इथे राज्यस्तरीय लावणी स्पर्धा सुरू झाली. मोडनिंबसारख्या केंद्रांतल्या संगीतबाऱ्या परीक्षकांसमोर उभ्या राहू लागल्या. दौलतजादावर जगणाऱ्या कलेला गुण देऊन जोखलं जाणं ही लहान गोष्ट नव्हती. यावर दोन आक्षेप येतात. पहिला, की काल सुरू झालेल्या गोष्टीला वारसा कसं म्हणायचं. त्याला आयर्लंडचं उदाहरण पुरे. तिथल्या खेड्यांत पॅरिश ही मूळची चर्चची हद्द. 1884 साली स्थापन झालेल्या गेलिक ॲथलेटिक असोसिएशनचे क्लब बहुतेक त्याच हद्दींवर उभे राहिले, आणि आज गावाची ओळख हर्लिंग या तिथल्या खेळाच्या संघाशी जितकी जोडलेली आहे तितकीच चर्चशी. नवं रोप जुन्या मातीत लावलं की त्याचं वय मोजण्यात अर्थ उरत नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: हे सगळं एका राजकीय घराण्याच्या आश्रयावर चालतं. चालतंच. आश्रय आटला की उत्सवही थांबू शकतो. पण तमाशाला आणि लावणीला आश्रयदाता कधी नव्हता? पेशवाईतही होताच.

माझ्या मांडणीची खरी अडचण ऊस आहे. भाटघरच्या धरणाचं पाणी नीरा उजव्या कालव्याने इकडे आलं, 1930च्या दशकात सासवडच्या माळी शेतकऱ्यांनी माळीनगरला आपला साखर कारखाना काढला, पुढे यशवंतनगरला सहकारी कारखाना झाला. माळरानाचं बागायत झालं आणि शाळा, महाविद्यालय, दूध संघ हे सारं त्याच ओलीवर वाढलं. या पैशाशिवाय पालखीच्या पंगती आणि लावणीचा मंडप इतके मोठे झाले नसते. पण या भागातला सर्वांत लांब मुक्काम कुणाचा, तर गळीत हंगामात येणाऱ्या ऊसतोड मजुरांचा. बीडकडून बैलगाड्या, पोरंबाळं घेऊन येणारी ही माणसं कित्येक महिने पाचटाच्या कोपीत राहतात. पालखी एका रात्रीसाठी येते आणि तिच्या वाटेवर पाण्याची सोय आधीच उभी असते. मजूर हा पाहुणा नव्हे, तो पोटापाण्यासाठी येतो, असं उत्तर मिळेल. पण अकलूजला भरणाऱ्या घोडेबाजाराला येणारे व्यापारीही धंद्यासाठीच येतात, आणि त्यांची बडदास्त गाव ठेवतंच. मुक्काम सांभाळणं हाच अकलूजचा वारसा असेल, तर कोपीपर्यंत नळ आणि संडास नेणं हे त्याच वारशाचं काम ठरतं, आणि त्याचा हिशेब शिवसृष्टीच्या डागडुजीच्या आधी व्हायला हवा.