वल्ह्याचे कैदी

इसवी सनाच्या सोळाव्या शतकांत भूमध्य समुद्रावर मुसलमान चांच्यांची मोठी दहशत होती. तथापि त्यांस केवळ दरोडेखोर समजणें बरोबर होणार नाहीं. त्यांतील खैरुद्दीन बार्बरोसा हा तर तुर्की सुलतानाचा सरनौसेनापति झाला, व १५३८ सालीं प्रेवेझा येथें त्यानें ख्रिस्ती राष्ट्रांच्या संयुक्त आरमारास मागें हटविलें.

या युद्धांतील मुख्य जहाज म्हणजे गॅली. ती लांब, अरुंद व उथळ असे. वारा पडला तरी वल्ह्यांच्या बळावर ती पुढें जाई. मात्र एकेका वल्ह्यास तीन ते पांच माणसें लागत. इतकीं माणसें आणावयाचीं कोठून? धरलेल्या कैद्यांस बाकाशीं सांखळदंडांनीं जखडून त्यांजकडून हें काम करवून घेत. ख्रिस्ती पक्षहि हेंच करी, हें आपण विसरतां कामा नये.

तुर्गुत नांवाचा प्रसिद्ध चांचा १५४० सालीं जिनोआवाल्यांच्या हातीं सांपडला. त्यांनीं त्यास वल्ह्यास जुंपिलें. चार वर्षांनीं बार्बरोसानें पैसा भरून त्याला सोडविलें. इकडे माल्टाच्या धर्मवीरांपैकीं ला व्हॅलेट यास १५४१ सालीं मुसलमानांनीं पकडलें, व तोहि सुमारें वर्षभर वल्ह्यावर राबला. सुटल्यावर दोघेहि पुन्हां समुद्रावर गेले, आणि दोघांच्याहि पक्षाच्या जहाजांवर वल्हीं कैद्यांच्याच हातीं राहिलीं.

१५६५ सालीं तुर्कांनीं माल्टास वेढा घातला, तेव्हां बेटाचा रक्षक ला व्हॅलेट होता, व वेढा घालणारांत तुर्गुत! सेंट एल्मो किल्ल्यापाशीं झालेल्या जखमेनें तुर्गुत जून महिन्यांत वारला. वेढा सप्टेंबरांत उठला.