शालेय समाजकार्य आणि पुराव्याची कसोटी : पाचोड येथील प्रयोगाच्या अनुषंगाने

समाजकार्य हा खरोखर व्यवसाय होय काय, हा प्रश्न अब्राहम फ्लेक्सनर यांनी १९१५ साली बाल्टिमोर येथील परिषदेत उपस्थित केला, आणि त्याचे उत्तर त्यांनी नकारार्थी दिले. या कार्यापाशी स्वतःचे म्हणता येईल असे, दुसऱ्यास शिकविता येण्याजोगे तंत्र नाही, हा त्यांच्या आक्षेपाचा गाभा होता. शाळांशी निगडित समाजकार्याचा आरंभ न्यूयॉर्क, बोस्टन व हार्टफर्ड येथे १९०६-०७ च्या सुमारास झालेला होता. म्हणजे ही शाखा त्या वेळी अवघी आठ-नऊ वर्षांची होती. आज शतक उलटल्यावरही मराठवाड्यात हा आक्षेप अगदीच गैरलागू झाला आहे, असे म्हणवत नाही. जिल्हा परिषदेच्या शाळांत शालेय समाजकार्यकर्त्याचे स्वतंत्र पद रूढ नाही. हे काम बहुधा स्वयंसेवी संस्थेचा कार्यकर्ता किंवा क्षेत्रकार्यासाठी आलेला विद्यार्थी करतो, आणि वर्षअखेरीस गृहभेटी किती, पालकसभा किती, समुपदेशनाच्या बैठका किती, या संख्यांवरून त्याच्या कामाचे मूल्यमापन होते. या संख्या श्रमाचे मोजमाप करतात, परिणामाचे नव्हे.

श्रम आणि परिणाम यांत केवढे अंतर पडू शकते, याचे बोधप्रद उदाहरण अमेरिकेतील केंब्रिज-सॉमरव्हिल प्रयोगात सापडते. रुग्णालयीन समाजकार्याचा पाया घालणारे डॉ. रिचर्ड कॅबट यांच्या प्रेरणेने तो १९३९ मध्ये सुरू झाला. परस्परांशी मिळत्याजुळत्या मुलांच्या जोड्या लावून प्रत्येक जोडीतील एकास समुपदेशकाची भेट, शिकवणी, वैद्यकीय साहाय्य, उन्हाळी शिबिरे असे सर्व काही काही वर्षे पुरविण्यात आले. दुसऱ्यास काहीच नाही. एकंदर ५०६ मुले या अभ्यासात होती. पुढे जोन मॅककॉर्ड यांनी सुमारे तीस वर्षांनंतर या मुलांचा, म्हणजे तोवर प्रौढ झालेल्या पुरुषांचा, माग काढला आणि १९७८ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले. साहाय्य मिळालेल्यांपैकी बहुसंख्यांना त्या उपक्रमाचा आपणास लाभ झाला असे वाटत होते; परंतु अनेक बाबतींत त्यांची स्थिती साहाय्य न मिळालेल्यांहून वाईट होती. कार्यकर्त्यांच्या तळमळीत उणे नव्हते. तुलनेचा गट नसता तर हा उपक्रम आदर्श म्हणूनच पाठ्यपुस्तकांत गेला असता.

याउलट दिशेचे उदाहरण छत्रपती संभाजीनगर (पूर्वीचे औरंगाबाद) जिल्ह्यातच आहे, आणि येथील विद्यार्थ्यांस ते बोस्टनपेक्षा कमी ठाऊक असावे ही खेदाची गोष्ट होय. पैठण तालुक्यातील पाचोड येथील आरोग्य व्यवस्थापन संस्थेने १२ ते १८ वयाच्या अविवाहित मुलींसाठी जीवनकौशल्यांचा एक वर्षाचा अभ्यासक्रम चालविला. वर्ग सायंकाळी तासभर भरे, कारण दिवसा या मुली शेतात वा घरकामात गुंतलेल्या असत. शिकविणाऱ्या स्त्रियाही गावातल्याच होत्या. हस्तक्षेपाच्या क्षेत्रात १९९७ ते २००१ या काळात मुलींचे मध्यक विवाहवय १६ वरून १७ वर आले. एकूण विवाहांपैकी अठरा वर्षांखालील मुलींच्या विवाहांचे प्रमाण शेकडा ८०.७ वरून ६१.८ पर्यंत उतरले. तुलनेच्या क्षेत्रात मात्र लक्षणीय बदल आढळला नाही.

या आकड्यांचे वाचन कसे करावे, हाच खरा प्रशिक्षणाचा विषय आहे. अभ्यासक्रम पूर्ण करणाऱ्या मुलींचे विवाह लांबले, एवढेच सांगितले असते तर शंकेला जागा होती : जे कुटुंब मुलीला वर्षभर वर्गास पाठविते, ते तिच्या लग्नाचीही घाई करणार नाही, हे उघड आहे. अशा वेळी श्रेय वर्गाचे की कुटुंबाचे, हे ठरत नाही. परंतु वरील प्रमाण संपूर्ण क्षेत्राचे आहे, केवळ वर्गास बसलेल्यांचे नाही, आणि शेजारचे क्षेत्र जवळजवळ स्थिर राहिले. म्हणून काळाच्या ओघात विवाहवय सर्वत्रच वाढत होते, हे स्पष्टीकरण येथे अपुरे पडते. तरीही दशकात सहा मुलींचे विवाह अठरापूर्वीच होत राहिले, हेही त्याच आकड्यात आहे.

प्रश्न जुना झालेला नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी अठरापूर्वी विवाह झालेल्यांचे प्रमाण महाराष्ट्रात शेकडा २१.९ आढळले, परभणी व बीड जिल्ह्यांत ते त्याच्या सुमारे दुप्पट होते. ऊसतोडीसाठी दिवाळीच्या आगेमागे निघणारी कुटुंबे चैत्राच्या सुमारास परततात, आणि मधल्या काळात मुलीचे नाव हजेरीपटावर तसेच राहते. हंगामी वसतिगृहात किती मुली ठेवल्या, ही नोंद सहज मिळते. त्यांतील किती जणी जूनमध्ये पुढच्या वर्गात बसल्या, ही नोंद कार्यकर्त्याने स्वतःच ठेवावी लागते.

तुलनेसाठी एखाद्या गावास साहाय्य नाकारावे काय, असा आक्षेप येथे येईल, आणि तो योग्य आहे. परंतु मनुष्यबळ मर्यादित असल्याने सर्व शाळांत एकाच वर्षी काम सुरू होत नाहीच. यंदाच्या पाच शाळा आणि पुढील वर्षी घ्यावयाच्या पाच शाळा चिठ्ठ्या टाकून ठरविल्या, आणि दोहोंची नोंद आरंभापासून ठेवली, तर कोणासही वंचित न करता तुलना साधते. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने शाळांशी जोडलेल्या प्रशिक्षित समाजकार्यकर्त्यांची कल्पना मांडली आहे. त्यांचे उजळणीवर्ग भरतील तेव्हा व्याख्यानांऐवजी महिन्यास एक मूळ अभ्यास एकत्र वाचणे अधिक फलदायी होईल. त्या वाचनात पाचोडचा अहवाल पहिला घ्यावा, आणि प्रत्येक कार्यकर्त्याने आपल्या शाळेतील आठवीच्या मुलींची यादी सोबत आणावी : नाव, जन्मतारीख, गेल्या जूनमध्ये कोठे होती, या जूनमध्ये कोठे आहे.